मागील सुसंगतता (हँडहेल्ड गेम कन्सोल)

हँडहेल्ड गेम कन्सोलमधील मागील सुसंगतता म्हणजे हातात धरून खेळावयाच्या नव्या गेमयंत्रावर त्याच्या आधीच्या पिढीतील यंत्रासाठी तयार झालेले गेम चालण्याची क्षमता होय. ह्या क्षमतेचा सर्वांत दीर्घ व सर्वांत अभ्यासनीय इतिहास निन्टेंडो ह्या जपानी कंपनीच्या गेम बॉय (१९८९) ह्या यंत्रापासून सुरू होतो. पुढे गेम बॉय कलर, गेम बॉय अ‍ॅडव्हान्स, निन्टेंडो डीएस आणि ३डीएस ह्या यंत्रांतून तो सुमारे दोन दशके चालत राहिला. प्रत्येक नव्या यंत्राने सामान्यतः आपल्या लगेच आधीच्या यंत्राचे गेम चालविले, परंतु दोन पिढ्या मागचे गेम मात्र बहुधा सोडून दिले. त्यामुळे ही परंपरा अखंड साखळीसारखी नसून, एका टोकाला नवी कडी जोडताना दुसऱ्या टोकाची जुनी कडी गळून पडावी अशी आहे.

संज्ञा व प्रकार

जुना गेम नव्या यंत्रावर चालविण्याचे मुख्यतः तीन मार्ग आहेत. पहिल्या मार्गात जुन्या यंत्राचा प्रोसेसर, किंवा त्याच्याशी पूर्ण जुळणारा प्रोसेसर, नव्या यंत्रातच बसविलेला असतो. जुने कार्ट्रिज खाचेत घातले की गेम आपल्याच ओळखीच्या घरात आल्याप्रमाणे चालू लागतो. दुसऱ्या मार्गात जुन्या यंत्राची नक्कल करणारा एक संगणकीय प्रोग्रॅम नव्या प्रोसेसरवर चालतो. अशा प्रोग्रॅमला एम्युलेटर म्हणतात. तो जुन्या यंत्राची प्रत्येक आज्ञा वाचून तिचा अर्थ नव्या यंत्राला समजेल अशा आज्ञांत लावतो. तिसऱ्या मार्गात गेमच नव्याने लिहून किंवा सुधारून पुन्हा विक्रीस आणला जातो. ह्या तिसऱ्या प्रकाराला मागील सुसंगतता म्हणणे योग्य नाही, कारण ग्राहकाच्या हातातील जुने कार्ट्रिज त्यात निरुपयोगीच राहते.

पहिल्या दोन मार्गांतील फरक केवळ तांत्रिक नाही. पहिल्यात ग्राहकाने एकदा विकत घेतलेली वस्तू पुढेही उपयोगी पडते. दुसऱ्यात बहुतेक वेळा तोच गेम पुन्हा विकत घ्यावा लागतो अथवा त्यासाठी वर्गणी भरावी लागते. हँडहेल्ड यंत्रांचा इतिहास हा पहिल्या मार्गाकडून दुसऱ्याकडे झालेल्या वाटचालीचा इतिहास आहे.

गेम बॉय आणि गेम बॉय कलर

मूळ गेम बॉय २१ एप्रिल १९८९ रोजी जपानमध्ये विक्रीस आला. निन्टेंडोच्या संशोधन व विकास विभाग क्रमांक १ मध्ये गुनपेई योकोई ह्यांच्या नेतृत्वाखाली तो घडला. त्यात शार्प कंपनीचा आठ बिटांचा, सुमारे ४.१९ मेगाहर्ट्‌झ वेगाने चालणारा प्रोसेसर आणि १६० × १४४ पिक्सेलचा चार छटांचा पडदा होता. त्या काळीही ही सामग्री काही अद्ययावत नव्हती. जुने, पक्व झालेले व म्हणून स्वस्त आणि भरवशाचे तंत्रज्ञान नव्या उपयोगासाठी वापरावे, हे योकोई ह्यांचे सूत्र प्रसिद्ध आहे. ह्याच सूत्रामुळे पुढे मागील सुसंगतता शक्य झाली. कारण मूळचा प्रोसेसर इतका साधा आणि स्वस्त होता की नंतरच्या यंत्रांत तो बाळगणे कंपनीला फारसे जड गेले नाही.

गेम बॉय सुरू होताना पडद्यावर कंपनीचे नाव वरून खाली सरकत येते. हे केवळ शोभेचे दृश्य नाही. यंत्राच्या आत २५६ बाइटांचा एक आरंभिक प्रोग्रॅम असतो. तो कार्ट्रिजमधील ४८ बाइटांचे बोधचिन्ह वाचतो व स्वतःजवळच्या प्रतीशी ताडून पाहतो. दोन्ही जुळली नाहीत तर यंत्र तेथेच थांबते. परवान्याशिवाय गेम काढणाऱ्याला कंपनीचे बोधचिन्ह आपल्या कार्ट्रिजमध्ये नक्कल करावेच लागेल आणि मग बोधचिन्हाच्या हक्काचा भंग झाला असे म्हणता येईल, अशी ही योजना होती.

गेम बॉय कलर ऑक्टोबर १९९८ मध्ये जपानमध्ये आला. त्याचा प्रोसेसर त्याच कुळातला, परंतु गरजेनुसार दुप्पट म्हणजे सुमारे ८.३८ मेगाहर्ट्‌झ वेगाने चालू शकणारा होता. पडद्याचा आकार मुद्दाम तोच, १६० × १४४ पिक्सेल, ठेवला गेला. त्यामुळे जुन्या गेमचे चित्र ताणावे लागले नाही, कापावेही लागले नाही. जुना गेम घातला की यंत्र मूळ वेगाने चालत असे. फक्त रंगांचा प्रश्न उरत असे.

तो प्रश्न ज्या रीतीने सोडविला गेला ती रीत आजही चातुर्याची वाटते. जुन्या गेमला रंग ही कल्पनाच ठाऊक नव्हती. त्याला फक्त चार छटा ठाऊक होत्या. गेम बॉय कलरने पार्श्वभूमीसाठी एक आणि हलणाऱ्या आकृत्यांसाठी दोन असे रंगसंच नेमले आणि प्रत्येक छटेच्या जागी एक रंग भरला. अशा प्रकारे मूळ चार छटांच्या चित्रात जास्तीत जास्त दहा रंग दिसू शकत. निन्टेंडोने स्वतः प्रकाशित केलेल्या बऱ्याच जुन्या गेमसाठी योग्य रंगसंच यंत्रातच आधी ठरवून ठेवलेले होते. कार्ट्रिजमध्ये नोंदलेल्या शीर्षकावरून एक बेरीज काढून यंत्र तो गेम ओळखत असे. इतर गेमसाठी खेळणाऱ्याला सुरुवातीचे बोधचिन्ह दिसत असताना दिशादर्शक बटण, एकटे किंवा ‘ए’ वा ‘बी’ ह्या बटणासह, दाबून बारा रंगसंचांपैकी एक निवडता येई. ‘डावीकडे’ आणि ‘बी’ एकत्र दाबल्यास करड्या छटांचे साधे चित्र मिळे. रंगांचा गोंगाट नको असणाऱ्यांना हीच निवड मानवत असे.

ह्या काळात तीन प्रकारची कार्ट्रिजे बाजारात होती. करडी कार्ट्रिजे मूळ गेम बॉयसाठी होती. काळी कार्ट्रिजे दोन्ही यंत्रांवर चालत व नव्या यंत्रावर रंगीत दिसत. पारदर्शक कार्ट्रिजे फक्त गेम बॉय कलरसाठी असत. (विशेष रंगाच्या आवरणात आलेले काही गेम ह्याला अपवाद आहेत.) पारदर्शक कार्ट्रिज जुन्या यंत्रात चालू नये ह्यासाठीची व्यवस्था अगदी सुतारी थाटाची होती. मूळ गेम बॉयचे चालू करण्याचे बटण सरकवले की त्याला जोडलेला प्लॅस्टिकचा तुकडा कार्ट्रिजच्या कोपऱ्यातील खाचेत शिरत असे. केवळ कलरसाठी असलेल्या कार्ट्रिजला ही खाचच नव्हती. त्यामुळे बटण सरकतच नसे. गेम बॉय पॉकेट ह्या १९९६ च्या छोट्या आवृत्तीत असा अडसर नव्हता. तेथे गेम सुरू होई आणि हा गेम ह्या यंत्रासाठी नाही, अशी सूचना पडद्यावर दिसे.

काळ्या कार्ट्रिजांमुळे गेम लिहिणाऱ्यांपुढे एक पेच उभा राहिला. जुन्या यंत्राचे ग्राहक कोट्यवधी. त्यांना सोडून चालणार नव्हते. नव्या यंत्रासाठी वेगळे आकर्षणही हवे होते. ‘द लेजेंड ऑफ झेल्डा : लिंक्स अवेकनिंग डीएक्स’ (१९९८) मध्ये ह्यावर तोडगा निघाला. हा गेम दोन्ही यंत्रांवर पूर्ण खेळता येतो, परंतु रंगांच्या ओळखीवर आधारलेले एक जास्तीचे तळघर फक्त गेम बॉय कलरवर खुले होते.

गेम बॉय अ‍ॅडव्हान्स

२१ मार्च २००१ रोजी जपानमध्ये आलेल्या गेम बॉय अ‍ॅडव्हान्सने पूर्वीच्या कुळाशी नाते तोडले. त्याचा मुख्य प्रोसेसर एआरएम७टीडीएमआय हा ३२ बिटांचा, १६.७८ मेगाहर्ट्‌झचा आणि पडदा २४० × १६० पिक्सेलचा होता. जुन्या आठ बिटांच्या आज्ञा ह्या प्रोसेसरला समजत नाहीत. तरीही हे यंत्र गेम बॉय व गेम बॉय कलर ह्या दोहोंचे गेम चालवी, कारण त्याच्या पोटात जुन्या कुळातील आठ बिटांचा प्रोसेसर स्वतंत्रपणे बसविलेला होता. एकाच घरात दोन बिऱ्हाडे असावीत तशी ही रचना होती. एका वेळी एकच बिऱ्हाड जागे असे.

कोणते जागे करायचे हे ठरविण्याचे काम कार्ट्रिजच्या आकाराकडे सोपविलेले होते. जुनी कार्ट्रिजे ५ व्होल्ट विद्युतदाबावर चालत, तर नवी ३.३ व्होल्टवर. जुने कार्ट्रिज खाचेत घातले की त्याची कड आतील एक लहानशी कळ दाबत असे. कळ दाबली गेली की दाब ५ व्होल्ट होई आणि आठ बिटांचा प्रोसेसर निवडला जाई. नव्या कार्ट्रिजच्या कडांचा आकार असा होता की ती कळ दाबली जात नसे. ओळख पटविण्यासाठी येथे कोणताही प्रोग्रॅम लागत नाही. कार्ट्रिजचे प्लॅस्टिक हीच त्याची ओळख.

दोन्ही बिऱ्हाडांत एक वस्तू सामायिक होती : आवाज. जुन्या गेम बॉयचे चार ध्वनिमार्ग गेम बॉय अ‍ॅडव्हान्समध्ये तसेच ठेवून त्यांच्या जोडीला ध्वनिमुद्रित नमुने वाजविणारे दोन नवे मार्ग दिले गेले. म्हणून अ‍ॅडव्हान्ससाठी लिहिलेल्या कित्येक गेमच्या संगीतात १९८९ च्या यंत्राचा तो कर्कश, तरीही हवाहवासा वाटणारा स्वर ऐकू येतो.

जुन्या गेमचे चित्र नव्या रुंद पडद्याच्या मधोमध, चहूबाजूंनी काळी पट्टी ठेवून दिसत असे. खांद्यांवरील ‘एल’ व ‘आर’ ही बटणे जुन्या गेमच्या काही कामाची नव्हती. ती चित्र आडवे ताणून पडदा भरण्यासाठी व पूर्ववत करण्यासाठी वापरली गेली. ताणलेल्या चित्रात माणसे बुटकी व रुंद दिसतात, त्यामुळे ही सोय कितपत उपयोगी होती हा प्रश्नच आहे.

गेम चालू यंत्रावर अवलंबून आपले रूप बदलू शकतो, हे तत्त्व येथेही वापरले गेले. ‘झेल्डा’ मालिकेतील ‘ओरॅकल ऑफ एजेस’ व ‘ओरॅकल ऑफ सीझन्स’ (२००१) हे गेम बॉय कलरचे गेम अ‍ॅडव्हान्सवर खेळल्यास त्यांत एक जास्तीचे दुकान उघडते.

मात्र ही सुसंगतता निर्दोष नव्हती. गेम बॉय कलरवर अवरक्त किरणांनी दोन यंत्रे जोडण्याची सोय होती. अ‍ॅडव्हान्सवर ती नसल्याने ‘पोकेमॉन गोल्ड’ व ‘सिल्व्हर’ मधील भेटवस्तूंची देवाणघेवाण अडली. जुन्या गेमसाठी दोन अ‍ॅडव्हान्स यंत्रे तारेने जोडायची असल्यास जुन्या पद्धतीची तार लागे. अ‍ॅडव्हान्सची स्वतःची तार चालत नसे. सर्वांत गमतीचा प्रसंग ‘कर्बी टिल्ट एन टम्बल’ ह्या गेमवर आला. ह्या कार्ट्रिजमध्येच कल ओळखणारे उपकरण बसविलेले आहे. यंत्र डावीकडे झुकवले की चेंडू डावीकडे घरंगळतो. २००३ च्या गेम बॉय अ‍ॅडव्हान्स एसपी ह्या घडीच्या आवृत्तीत कार्ट्रिज वरून नव्हे, तर खालच्या कडेने घातले जाते. साहजिकच त्यातील उपकरणाच्या दिशा उलटतात. गेम सुरू होतो, पण नीट खेळता येत नाही.

२००५ मध्ये आलेल्या गेम बॉय मायक्रोने आठ बिटांच्या गेमना पूर्णतः रजा दिली. इतक्या लहान यंत्रात जुने मोठे कार्ट्रिज बसविणेच अवघड होते.

निन्टेंडो डीएस

डीएस नोव्हेंबर २००४ मध्ये प्रथम उत्तर अमेरिकेत व डिसेंबरमध्ये जपानमध्ये आला. त्यात दोन पडदे, दोन प्रोसेसर आणि दोन खाचा होत्या. दोहोंपैकी लहान प्रोसेसर एआरएम७ कुळातला म्हणजे अ‍ॅडव्हान्सच्या मुख्य प्रोसेसरचाच भाऊबंद होता. डीएसच्या गेममध्ये तो ध्वनी वगैरे दुय्यम कामे करी. अ‍ॅडव्हान्सचे कार्ट्रिज घातले की तो वेग निम्म्यावर आणून जुन्या यंत्राची भूमिका घेई. अ‍ॅडव्हान्समध्ये जुना प्रोसेसर नव्या गेमच्या वेळी रिकामा बसून असे. डीएसमध्ये तो दोन्ही वेळी कामाला जुंपलेला आहे. काटकसरीच्या दृष्टीने ही रचना अधिक सरस म्हणावी लागेल.

चित्र २५६ × १९२ पिक्सेलच्या पडद्यावर न ताणता दिसे आणि वरचा पडदा की खालचा, हे खेळणाऱ्याने ठरवायचे. परंतु आठ बिटांचा प्रोसेसर आता नव्हता आणि गेम बॉयची जुनी कार्ट्रिजे खाचेत बसतही नव्हती. तार जोडण्याची जागाही नसल्याने अ‍ॅडव्हान्सचे अनेकांनी मिळून खेळण्याचे गेम डीएसवर एकट्यानेच खेळावे लागत.

दुसऱ्या खाचेचा उपयोग मात्र केवळ जुने गेम चालविण्यापुरता उरला नाही. कंपन निर्माण करणारे कार्ट्रिज, स्मृती वाढविणारे कार्ट्रिज असे अनेक जोड तिच्यात बसविले गेले. ‘पोकेमॉन डायमंड’ व ‘पर्ल’ (२००६) ह्या गेममध्ये एक विशेष उद्यान होते. डीएसच्या दुसऱ्या खाचेत अ‍ॅडव्हान्सचे पोकेमॉन कार्ट्रिज घातले की त्यातील सहा पोकेमॉन एका वेळी नव्या गेममध्ये आणता येत. ही वाट एकेरी होती. आणलेले प्राणी परत नेता येत नसत.

१ नोव्हेंबर २००८ रोजी जपानमध्ये आलेल्या डीएसआय ह्या आवृत्तीतून दुसरी खाच काढून टाकली गेली. तिच्याबरोबर अ‍ॅडव्हान्सचे गेम गेले आणि त्या खाचेवर अवलंबून असलेली सर्व जोडउपकरणेही एका फटक्यात निकामी झाली.

३डीएस आणि विकत मिळणारी सुसंगतता

फेब्रुवारी २०११ मध्ये आलेला ३डीएस हा डीएसची गेमकार्डे चालवी. ३डीएसच्या कार्डाला एका कोपऱ्यात लहान उंचवटा असल्याने ते मात्र जुन्या डीएसमध्ये शिरत नसे. त्याहून जुन्या गेमसाठी निन्टेंडोने ‘व्हर्च्युअल कन्सोल’ ह्या नावाने इंटरनेटवरील दुकानातून एम्युलेटरवर चालणारे गेम विकण्यास सुरुवात केली. गेम बॉय व गेम बॉय कलरचे गेम जून २०११ पासून तेथे मिळू लागले. ज्याच्या घरी तेच कार्ट्रिज पडून होते त्यालाही पुन्हा पैसे मोजावे लागत.

गेम बॉय अ‍ॅडव्हान्सच्या गेमची कथा येथे वेगळी आहे. ३डीएसची विक्री अपेक्षेपेक्षा मंद राहिल्याने ऑगस्ट २०११ मध्ये त्याची अमेरिकेतील किंमत सुमारे २५० डॉलरवरून १७० डॉलरवर आणली गेली. आधी जास्त किंमत मोजलेल्या ग्राहकांची नाराजी दूर करण्यासाठी त्यांना वीस जुने गेम मोफत देण्यात आले. त्यांपैकी दहा अ‍ॅडव्हान्सचे होते. हे दहा गेम ३डीएसच्या इतर ग्राहकांना कधीच विकले गेले नाहीत. ते एम्युलेटरवर नव्हे, तर यंत्रातील जुन्या कुळाच्या प्रोसेसरवर थेट चालत. म्हणूनच ते चालू असताना मध्येच थांबवून मुख्य पडद्याकडे जाता येत नसे, किंवा खेळाची नेमकी त्या क्षणाची स्थिती साठवून ठेवता येत नसे.

पोकेमॉनचे पहिले गेम २७ फेब्रुवारी २०१६ रोजी, मूळ जपानी प्रकाशनाला बरोबर वीस वर्षे झाल्याच्या दिवशी, ३डीएसवर आले. त्यांत जुन्या तारेच्या जागी बिनतारी जोडणीची नक्कल केलेली होती. वीस वर्षांपूर्वीच्या गेममधील पोकेमॉन पुढे ‘सन’ व ‘मून’ ह्या नव्या गेममध्ये नेण्याची वाटही उपलब्ध झाली. मूळ कार्ट्रिजांतून अशी वाट कधीच नव्हती.

२७ मार्च २०२३ रोजी ३डीएसच्या दुकानातील विक्री बंद झाली. आधी विकत घेतलेले गेम पुन्हा उतरवून घेण्याची सोय ठेवण्यात आली, परंतु नव्याने ते घेता येत नाहीत. १९८९ चे करडे कार्ट्रिज आजही जुन्या बाजारात एका हातातून दुसऱ्या हातात जाऊ शकते. २०११ मध्ये उतरवून घेतलेला गेम मात्र ज्याच्या खात्यात आहे त्याच्यापाशीच राहतो.

स्विच व स्विच २

२०१७ च्या निन्टेंडो स्विचमध्ये आधीच्या कोणत्याही यंत्राची कार्डे चालत नाहीत. फेब्रुवारी २०२३ पासून गेम बॉयचे निवडक गेम वर्गणीदारांना व अ‍ॅडव्हान्सचे गेम अधिक वर्गणी भरणाऱ्यांना खेळता येऊ लागले. वर्गणी संपली की गेमही बंद होतो. ५ जून २०२५ रोजी आलेल्या स्विच २ वर मात्र स्विचची जुनी कार्डे चालतात. दोहोंची अंतर्गत रचना वेगळी असल्याने जुन्या गेमच्या आज्ञांचे भाषांतर गेम चालू असतानाच केले जाते. पूर्ण एम्युलेटर आणि पूर्ण यंत्रगत सुसंगतता ह्यांच्या मधला हा मार्ग आहे. नवे यंत्र आकाराने मोठे झाल्याने पुठ्ठ्याच्या जोडणीवर चालणारे ‘लॅबो’ मालिकेतील व्हीआर संच त्यात बसत नाही. १९८९ पासून चालत आलेला प्लॅस्टिकच्या मापांचा प्रश्न असा वेगळ्या रूपात पुन्हा उद्भवला.

इतर कंपन्यांची यंत्रे

सेगाच्या गेम गिअर (१९९०) ह्या यंत्राला एक जोडउपकरण लावून त्याच कंपनीच्या मास्टर सिस्टिम ह्या घरगुती यंत्राची कार्ट्रिजे चालविता येत. बांदाईच्या वंडरस्वान कलरवर (२०००) मूळ वंडरस्वानचे गेम चालत. मूळ वंडरस्वानच्या घडणीत निन्टेंडो सोडल्यानंतरच्या योकोई ह्यांचा सहभाग होता. सोनीच्या पीएसपीचे गेम यूएमडी ह्या लहान तबकडीवर मिळत. त्यानंतरच्या प्लेस्टेशन व्हिटामध्ये (२०११) तबकडीसाठी जागाच नव्हती. जपानमधील ग्राहकांना तबकडीची नोंदणी करून, काही रक्कम भरून, तोच गेम उतरवून घेण्याची योजना होती. इतर देशांत ती आली नाही.

चित्रातील फरक

जुना गेम नव्या यंत्रावर ‘वेगळा दिसतो’ असे अनेकांना जाणवते. हा भास नव्हे. पिक्सेल ही अखंड वस्तू आहे; अर्धा पिक्सेल रंगविता येत नाही. व्हिटाचा पडदा ९६० × ५४४ म्हणजे पीएसपीच्या ४८० × २७२ च्या नेमका दुप्पट आहे. त्यामुळे जुन्या एका पिक्सेलच्या जागी नवे चार पिक्सेल येतात आणि रेषा स्वच्छ राहतात. ३डीएसवर मात्र डीएसचे २५६ × १९२ चे चित्र ३२० × २४० मध्ये म्हणजे सव्वापट मोठे करावे लागते. चार फरशा पाच फरशांच्या जागेत बसवायच्या झाल्यास सांधे जुळणार नाहीत. तसेच येथे होते. शेजारच्या रंगांची सरमिसळ करून फट बुजविली जाते व अक्षरे धूसर दिसतात. गेम सुरू करताना ‘स्टार्ट’ किंवा ‘सिलेक्ट’ हे बटण दाबून धरल्यास ३डीएस ते चित्र मूळ आकारात, काळी चौकट ठेवून, दाखवितो. चित्र लहान होते, पण रेखीव होते. डीएसचे गेम ३डीएसवर खेळणाऱ्याने हे एकदा करून पाहावे.

रंगांचीही तीच गत आहे. गेम बॉय कलरच्या पडद्याला स्वतःचा प्रकाश नव्हता आणि त्यावर रंग फिकट दिसत. ते लक्षात घेऊन चित्रकारांनी रंग मुद्दाम भडक निवडले. आधुनिक प्रकाशमान पडद्यावर तेच रंग डोळ्यांत खुपतात. मूळ गेम बॉयचा पडदा इतका मंद होता की त्यावर आधीच्या चित्राची छाया क्षणभर रेंगाळे. काही गेमनी ह्या दोषाचाच उपयोग करून घेतला : एखादी आकृती एकाआड एक चित्रात दाखविली की ती अर्धपारदर्शक भासे. वेगवान पडद्यावर ती पारदर्शक न दिसता लुकलुकते.

मूळ कार्ट्रिजांसाठी २०२१ मध्ये आलेल्या अ‍ॅनालॉग पॉकेट ह्या यंत्राने ह्या प्रश्नाचा विचार मुळापासून केला. त्याचा पडदा १६०० × १४४० पिक्सेलचा म्हणजे गेम बॉयच्या बरोबर दहापट आहे. जुन्या प्रोसेसरची रचना त्यात प्रोग्रॅमने नव्हे, तर पुन्हा जुळविता येणाऱ्या विद्युतमंडलाने उभी केली जाते.

साठविलेला खेळ आणि बॅटरी

कार्ट्रिजमधील गेम दीर्घकाळ टिकतो. त्यात साठविलेला खेळ तितका टिकत नाही. गेम बॉयच्या बहुतेक मोठ्या गेममध्ये खेळणाऱ्याची प्रगती एका स्मृतिचकतीत साठविली जाई आणि वीज बंद असताना ती जिवंत ठेवण्यासाठी मनगटी घड्याळात असते तशी नाण्याच्या आकाराची बॅटरी कार्ट्रिजमध्ये झाळून बसविलेली असे. बॅटरी संपली की प्रगती पुसली जाते. ‘पोकेमॉन गोल्ड’ व ‘सिल्व्हर’ मध्ये दिवस-रात्र दाखविणारे घड्याळही त्याच बॅटरीवर चालते, त्यामुळे ती अधिक लवकर संपते. बॅटरी बदलता येते, परंतु जुनी काढून नवी झाळताना क्षणभर जरी वीज खंडित झाली तरी साठविलेले सारे जाते. म्हणून आधी विशेष उपकरणाने ती माहिती संगणकावर उतरवून घ्यावी लागते. येथे मागील सुसंगतता कामी येत नाही. नवे यंत्र जुना गेम चालवू शकते, पण दहा वर्षांच्या मुलाने १९९९ मध्ये महिनोन्‌महिने खेळून मिळविलेले त्याला परत आणता येत नाही.

जतन व कायदा

व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशन ह्या अमेरिकी संस्थेने २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीनुसार, २०१० पूर्वी अमेरिकेत प्रकाशित झालेल्या गेमपैकी सुमारे ८७ टक्के गेम आता अधिकृतपणे विकत मिळत नाहीत. गेम बॉयच्या बाबतीत उपलब्ध गेमचे प्रमाण सहा टक्क्यांहूनही कमी आढळले. उरलेल्या गेमसाठी जुने कार्ट्रिज आणि ते चालविणारे यंत्र हाच सरळ मार्ग राहतो. ग्रंथालयांनी व संग्रहालयांनी अशा गेमच्या प्रती दूरस्थ अभ्यासकांना उपलब्ध करून द्याव्यात, ह्यासाठी अमेरिकेत मागितलेली सवलत ऑक्टोबर २०२४ मध्ये तेथील प्रताधिकार कार्यालयाच्या शिफारशीनुसार नाकारली गेली.

एम्युलेटर तयार करणे आणि गेमची प्रत करणे ह्या दोन गोष्टी कायद्याच्या दृष्टीने भिन्न आहेत. अमेरिकेत सोनी विरुद्ध कनेक्टिक्स (२००० चा अपिलातील निकाल) ह्या खटल्यात, एम्युलेटर घडविण्यासाठी मूळ यंत्राच्या अंतर्गत प्रोग्रॅमचा अभ्यास करताना केलेल्या प्रती न्याय्य वापरात बसतात असे ठरले. गेमची प्रत मात्र प्रताधिकाराखालीच राहते. भारतात प्रताधिकार अधिनियम, १९५७ च्या कलम ५२(१)(कक) नुसार, संगणक-प्रोग्रॅमची प्रत कायदेशीररीत्या बाळगणाऱ्याला नाश वा हानीपासून तात्पुरते संरक्षण म्हणून तिची राखीव प्रत करता येते. ही सवलत ज्याच्याकडे मूळ प्रत आहे त्याच्यापुरती आहे; ती राखीव प्रत इतरांना वाटण्याची मुभा त्यात नाही.